डोंगराने जगविलेले दिवस

जपानी जेवणात रस्सा चमच्याने घेत नाहीत. वाटी उचलून ओठांशी नेतात. हातात धरावयाची वाटी चटका देणारी असून चालत नाही. म्हणून ती लाकडाची असते, आणि तिच्यावर झाडाच्या चिकापासून केलेल्या रोगणाचे काळे किंवा तांबडे लेप असतात. दुकानात मांडलेली अशी वाटी पाहणारा रोगणाची झळाळी पाहतो. आतले लाकूड कोणी कोरले, कोठे बसून कोरले, ते कोरीत असताना तो काय खात होता आणि कोठे निजत होता, हे त्याला ठाऊक नसते; आणि खरे सांगावयाचे तर जाणून घेण्याची निकडही भासत नाही.

हिमेदा तादायोशी (जपानी रीतीप्रमाणे आडनाव आधी) यांनी १९७६ साली केलेला ‘ओकुआइझुचे किजिशी’ हा माहितीपट हीच निकड आपल्यात निर्माण करतो. ओकुआइझु हा फुकुशिमा प्रांताच्या नैर्ऋत्येकडील डोंगराळ, अतिशय बर्फाचा मुलूख. किजिशी म्हणजे लाकडाच्या वाट्या व ताटल्या कातणारे कारागीर. आपल्याकडील कातारी म्हणावेत तसे. फरक एवढाच, की हे लोक गावात घर करून राहत नसत. एका डोंगरातील जोगते लाकूड संपले की बिऱ्हाड उचलावयाचे आणि पुढच्या डोंगरात जावयाचे. शोवा काळाच्या आरंभापर्यंत, म्हणजे १९२६ नंतरच्या काही वर्षांपर्यंत, त्या भागात हे भटके जिणे चालू होते. मग ते थांबले.

५५ मिनिटांच्या या चित्रपटात वाटीची घाई कोणालाच नाही. आधी झोपडी उभी राहते. तिचे छप्पर आणि तिच्या भिंती दोन्ही डोंगरात उगवणाऱ्या बुटक्या बांबूच्या पाल्याने शाकारलेल्या. मग पाणी, मग आगटी. या चित्रपटाची पहिली ओळख झाली तेव्हा आम्हांला येथे थोडा कंटाळा आला होता, हे कबूल केले पाहिजे. कारागिरीवरचा चित्रपट म्हणून पाहावयास बसावे आणि बराच वेळ शाकारणीच पाहावी, हे काही आम्हांला पटेना. दुसऱ्यांदा पाहताना ध्यानात आले, की वाटी कातणाऱ्याची पहिली कारागिरी झोपडी हीच होती. जो माणूस दर काही वर्षांनी घर मोडतो आणि नवे बांधतो, त्याच्या लेखी घर आणि वाटी ही एकाच कुऱ्हाडीची कामे.

पुढे बीच जातीचा मोठा वृक्ष पाडला जातो. त्याचे ओंडके करून घरी नेत नाहीत. आडव्या पडलेल्या खोडावरच कुऱ्हाडीने खाचा पाडीत जातात, आणि दोन खाचांमधला भाग लहानशा टेकडीसारखा उभा राहतो. ती टेकडी खोडापासून सुटी केली की पालथ्या वाटीचा ओबडधोबड आकार हाती येतो. तासणीने तिचे पोट कोरतात. मग हाताने फिरवावयाचे कातयंत्र येते. त्याची रचना सांगावयास आपल्या वाचकांना फार कष्ट पडणार नाहीत, कारण ताक घुसळण्याची रवी ज्याने पाहिली आहे त्याने ते यंत्र अर्धे पाहिलेच आहे. आडव्या दांड्याला दोरी गुंडाळलेली असते. एक जण बसून तिची दोन टोके आळीपाळीने ओढतो. दांडा एकदा उजवीकडे फिरतो, एकदा डावीकडे. दांड्याच्या टोकाशी वाटी पक्की केलेली. दुसरा माणूस वाकड्या पात्याचे हत्यार तिला लावतो. हत्यार कापते ते एकाच दिशेच्या फेऱ्यात. उलट फेऱ्यात ते किंचित सैल धरावे लागते. ओढणारा आणि धरणारा यांची लय जुळली नाही तर वाटी वाया जाते. कॅमेरा येथे हलत नाही, आणि तो हलत नाही याबद्दल आम्ही हिमेदांचे ऋणी आहोत. एखाद्या हौशी दिग्दर्शकाने हाताचे, डोळ्याचे, घामाचे असे दहा तुकडे करून ही लयच मारून टाकली असती.

या कारागिरांची एक दंतकथा आहे, ती येथे सांगितल्यावाचून राहवत नाही. सम्राट मोन्तोकू यांचा थोरला मुलगा कोरेताका (८४४–८९७) याला सिंहासन मिळाले नाही. ते धाकट्या भावाकडे गेले. तो ओमी प्रांतातील ओगुराच्या डोंगरात येऊन राहिला, आणि पोथीच्या गुंडाळीची दोरी ओढताना तिचा दांडा फिरतो हे पाहून त्याला कातयंत्र सुचले, असे किजिशी मानीत आले. त्याच्या नावाचे परवाने ते जवळ बाळगीत. कोणत्याही डोंगरातले झाड तोडण्याची मुभा आपल्याला आहे, असा त्यांचा दावा असे. इतिहासकार त्या कागदांना अस्सल समजत नाहीत. पण ज्याला गाव नाही, जमीन नाही, देवळाच्या वहीत नाव नाही, त्याने आपली मुळे एका वंचित राजपुत्रात शोधावीत, यात बनावटपणापेक्षा आम्हांला दुःखच अधिक दिसते.

आता अडचणीचा मुद्दा. चित्रपट घेतला गेला तेव्हा हे जिणे संपून अनेक वर्षे लोटली होती. आपण पाहतो ती झोपडी कोणाला राहावयास हवी म्हणून बांधलेली नाही. किजिशींच्या घराण्यातील वृद्ध मंडळींनी, तरुणपणी जे केले ते आठवून, कॅमेऱ्यासाठी पुन्हा केले आहे. मग याला माहितीपट म्हणावे की नाटक? हा आक्षेप क्षुल्लक नाही. माहितीपटाच्या इतिहासात त्याची जुनी उदाहरणे आहेत. रॉबर्ट फ्लॅहर्टी यांनी ‘नानूक’ (१९२२) मध्ये बर्फाच्या घराच्या आतला प्रसंग टिपण्यासाठी एक बाजू उघडी ठेवून घर बांधविले होते. ‘मॅन ऑफ अरान’ (१९३४) मध्ये तर आयर्लंडच्या बेटकऱ्यांकडून त्यांनी शार्कची शिकार करविली, आणि ती शिकार त्या बेटांवर कित्येक दशके बंद पडलेली असल्यामुळे लोकांना ती नव्याने शिकवावी लागली.

आमच्या मते फरक येथेच आहे. अरान बेटावर शिकविणारा दिग्दर्शक होता. ओकुआइझुत तो शिकणारा आहे. कुऱ्हाडीचा घाव कोठे पडावा हे त्या वृद्धांना कोणी सांगितलेले नाही, आणि सांगून ते येणारेही नव्हते. प्रसंग जुळवून आणलेला आहे, पण त्यातले हात जुळवून आणलेले नाहीत. मात्र अशा पुनर्निर्मितीला एक मर्यादा आहे आणि ती लपविण्यात अर्थ नाही. तिच्यात काम परत येते. त्या कामामागची भूक, थंडी, देणे, आजारी मूल, हे परत येत नाही. संध्याकाळी हे लोक आपापल्या गावी, आपापल्या घरी जाणार आहेत, हे पाहणाऱ्याला कोठेतरी जाणवत राहते. वृद्धांच्या चेहऱ्यांवर अधूनमधून जो आनंद दिसतो तो आठवणीचा आहे. त्या आनंदाला त्या जिण्याचा आनंद समजण्याची चूक आपण करू नये.

हिमेदांचा जन्म १९२८ सालचा, कोबे शहरातला. तरुणपणी ते नाटकाच्या ओढीने टोकियोला आले आणि तेथे त्यांना मियामोतो त्सुनेइची (१९०७–१९८१) हे लोकजीवनाचे अभ्यासक गुरू म्हणून लाभले. मियामोतोंनी पायी हिंडून जपानची खेडी पाहिली, आणि ज्यांचे नाव कोणत्याही इतिहासात येणार नाही अशा म्हाताऱ्या माणसांचे बोलणे लिहून ठेवले. हिमेदांनी तेच काम कॅमेऱ्याने केले. १९७६ साली त्यांनी सहकाऱ्यांसह लोकसंस्कृतीच्या चित्रणासाठी एक संस्था उभी केली. २०१३ मध्ये ते वारले तेव्हा त्यांच्या मागे ११९ चित्रपट होते.

तो काळ लक्षात घेतला पाहिजे. लोककलांच्या सौंदर्याकडे जपानचे लक्ष यानागी सोएत्सु (१८८९–१९६१) यांनी पूर्वीच वेधले होते. टोकियोतील त्यांचे लोककला संग्रहालय १९३६ चे. १९७४ मध्ये सरकारनेही पारंपरिक हस्तव्यवसायांसाठी स्वतंत्र कायदा केला. म्हणजे वस्तूंना मान मिळू लागला होता. पण यानागींचा मार्ग वस्तूपासून सुरू होतो: निनावी माणसाने रोजच्या वापरासाठी केलेली ही वाटी किती सुंदर आहे! हिमेदांच्या चित्रपटांत ‘सुंदर’ या शब्दाला फारशी जागा नाही. त्यांचा प्रश्न असा, की या माणसाला ही वाटी का करावी लागली? प्रश्न बदलला की कारागीर कलावंताच्या आसनावरून उतरून शेतात, जंगलात, चुलीपुढे येऊन बसतो. १९८८ चा ‘कारामुशी आणि अंबाडी’ हा चित्रपट त्याच ओकुआइझुतील शोवा या खेड्याचा आहे. कारामुशी म्हणजे तागासारखा, पण त्याहून कितीतरी तलम व चमकदार धागा देणारी वनस्पती. एचिगो प्रांताच्या नामांकित उन्हाळी वस्त्राचा कच्चा माल. मे महिन्यात हे शेत पेटवितात, म्हणजे पुढचे कोंब एकाच उंचीचे येतात. शेताभोवती गवताचा कूड घालतात, कारण वाऱ्याने देठ एकमेकांवर घासले तर धाग्यावर डाग पडतो. वस्त्र पाहणाऱ्याच्या मनात कूड कधीच येणार नाही. हिमेदांच्या मनात तो आधी येतो.

त्यांची सर्वांत मोठी कृती ‘एचिगो ओकुमिओमोते’ (१९८४). तिच्या उपशीर्षकाचा अर्थ ‘डोंगराने जगविलेले दिवस’ असा होतो, आणि तेच आम्ही या लेखाला घेतले आहे. जपानी भाषेत येथे ‘जगलेले’ असे क्रियापद नाही, ‘जगविले गेलेले’ असे आहे. आपल्या मराठीत ‘जगणे’ आणि ‘जगविणे’ यांतला फरक एका अक्षराचा असल्यामुळे हे उपशीर्षक आपल्या भाषेत सहज उतरते. कर्ता डोंगर आहे, माणूस नव्हे. आणि १४५ मिनिटांच्या चित्रपटाची सारी मांडणी या व्याकरणावर उभी आहे.

ओकुमिओमोते हे निइगाता प्रांताच्या उत्तर टोकाला, मिओमोते नदीच्या उगमाकडचे ४२ घरांचे गाव. नदीवर धरण होणार आणि गाव पाण्याखाली जाणार, हे ठरलेले होते. हिमेदा व त्यांचे सहकारी १९८० पासून चार वर्षे तेथे जात राहिले. त्यांनी गावात एक घर भाड्याने घेतले आणि शेतही कसले. पाहुण्याला गाव आपले अंगण दाखविते. शेजाऱ्याला परसही दिसते. चित्रपटात जे परस दिसते ते या शेजारामुळे, असे आम्हांला वाटते.

हिवाळ्यात पुरुष बर्फात शिकारीला जातात. वसंतात बर्फ वितळू लागले की नेच्याचे कोवळे, गुंडाळलेले कोंब वेचण्याची घाई उडते. ते उकडावयाचे, उन्हात पसरावयाचे, पुन्हा पुन्हा हातांनी मळावयाचे आणि वाळवावयाचे. गावाच्या रोख उत्पन्नाचे हे मोठे साधन, त्यामुळे बायकामुलांसह सारी घरे त्यात गुंततात. शाळेलाही त्यासाठी सुट्टी असे. आमच्या दृष्टीने चित्रपटातला हा भाग सर्वांत मोलाचा आहे. डोंगराशी एकरूप झालेली आदिम माणसे असे जे गोड चित्र शहरातल्या प्रेक्षकाच्या डोक्यात असते, त्याला येथे तडा जातो. ही माणसे बाजारासाठी माल तयार करीत आहेत. त्यांना भाव कळतो. आणि तरीही कोंब वेचताना पुढच्या वर्षासाठी काय मागे ठेवावयाचे, हेही त्यांना कळते. ही दोन ज्ञाने त्यांच्या ठायी भांडत नाहीत.

१९८५ मध्ये गाव उठले आणि मुराकामी शहरालगत नव्या वसाहतीत गेले. धरण २००० साली पूर्ण झाले.

येथे हिमेदांशी आमचा वाद आहे. हिवाळा, वसंत, उन्हाळा, शरद असे वर्तुळ पूर्ण करीत जाणाऱ्या चित्रपटात धरण हे बाहेरून आलेल्या अरिष्टासारखे वाटते. पण ते बाहेरून का आले? १९६७ च्या ऑगस्टमध्ये निइगाता आणि यामागाता प्रांतांत भयंकर अतिवृष्टी झाली, नद्यांना पूर आले आणि शंभरावर माणसे दगावली. त्या पुरानंतर खालच्या खोऱ्यातील वस्तीच्या रक्षणासाठी हे धरण योजले गेले. म्हणजे एका गावाच्या बुडण्याच्या पलीकडे दुसऱ्या गावांचे न बुडणे आहे. हा हिशेब चित्रपटाच्या केंद्रस्थानी असता तर आपली सहानुभूती इतकी सुखाची राहिली नसती. गावातल्यांनी अखेर होकार कसा दिला, कोण कोणाशी अबोल झाला, कोणाला शहराची ओढ होती, याची तड हिमेदा लावीत नाहीत. चार वर्षे शेजारी राहिलेल्या माणसाला यातले बरेच ठाऊक असणार. शेजाऱ्याने ते बोलू नये, हा संकोच आम्हांला समजतो. त्याची किंमत चित्रपटाने दिली आहे, एवढेच आमचे म्हणणे. निवेदनाचा आवाज त्यांचा स्वतःचा आहे, प्रेमळ आणि संथ. काही ठिकाणी मात्र हातांनी आधीच सांगून झालेले तो आवाज पुन्हा सांगतो.

बारा वर्षांनी, १९९६ मध्ये, त्यांनी या चित्रपटाचा दुसरा भाग केला: ‘गाव नाहीसे झाले काय?’ असा प्रश्नच त्याच्या नावात आहे. गाव उठल्यावर त्या जमिनीत उत्खनन झाले आणि जोमोन काळातल्या, म्हणजे हजारो वर्षांपूर्वीच्या, वस्त्यांचे अवशेष सापडले. ज्या मातीवर घरे होती तिच्याखाली आणखी घरे निघाली. पहिल्या भागात जे ऋतूंचे वर्तुळ होते ते येथे मोडले आहे, आणि आम्हांला वाटते की त्यामुळेच हा दुसरा भाग अधिक प्रामाणिक झाला आहे.

हिमेदांच्या कामाचा आणखी एक भाग आहे, त्यावर आमच्या वाचकांचे दुमत होईल. होक्काइदोतील निबुतानी या गावी, आयनू या मूलनिवासी समाजात, त्यांनी अनेक वर्षे चित्रण केले: १९७१ मध्ये विवाह, १९७४ मध्ये घरबांधणी, आणि १९७७ मध्ये ‘इयोमान्ते’, अस्वलाची पाठवणी. आयनूंच्या श्रद्धेप्रमाणे अस्वल हे पाहुणे आलेले दैवत. त्याचे पिल्लू घरात वाढवितात, आणि मग विधिपूर्वक त्याचा वध करून, भेटवस्तू देऊन, त्याच्या आत्म्याला देवलोकी परत धाडतात. होक्काइदोच्या राज्यपालांनी १९५५ साली परिपत्रक काढून हा विधी रानटी ठरविला व मना केला. ते परिपत्रक २००७ मध्ये मागे घेतले गेले. म्हणजे चित्रण झाले ते बंदीच्या काळात. पुढाकार कायानो शिगेरू (१९२६–२००६) यांचा होता. आयनू वस्तूंचे संग्राहक, आयनू भाषेचे रक्षक आणि १९९४ पासून जपानी संसदेतील पहिले आयनू सदस्य, ते हेच.

मिस्सा चालू असताना छायाचित्रकार वेदीच्या पायरीपर्यंत पोहोचतो, तेव्हा आपल्यापैकी अनेकांना संकोच वाटतो. प्रार्थना ही पाहण्याची गोष्ट नाही, करण्याची आहे, असे मनात येते. हा चित्रपट पाहताना तोच संकोच आम्हांला उलट्या बाजूने वाटला: आम्ही येथे काय करीत आहोत? प्राण्याचा वध पाहणे सोपे नाही, आणि ज्यांना तो भाग पाहवत नाही त्यांनी तो पाहिलाच पाहिजे असे आम्ही म्हणणार नाही. पण हिमेदा वधावर रेंगाळत नाहीत. ते रेंगाळतात तयारीवर. भरडधान्याची दारू आंबविली जाते. झाडाच्या काठीवर सुरी ओढून पातळ, कुरळ्या ढलप्या काढतात. त्या काठीपासून सुटू द्यावयाच्या नाहीत, तशाच झुबक्याने लोंबत ठेवावयाच्या. हे ‘इनाउ’, देवाला वाहावयाची काठी. ज्येष्ठ माणसे हे करून दाखवितात आणि तरुण पाहून करतात. काही तरुणांनी हे सारे प्रथमच पाहिले असणार. कॅमेरा नसता तर हा विधी त्या वर्षी झाला असता काय, असा प्रश्न कोणी विचारील. तो योग्य प्रश्न आहे. पण ज्यांना मना केले होते त्यांनी स्वतः ठरवून कॅमेऱ्याला साक्षीदार केले होते, हेही त्याबरोबर मोजावे लागेल. किजिशींच्या चित्रपटात वृद्ध मंडळी गेलेले परत करून दाखवीत होती; येथे काढून घेतलेले परत घेतले जात आहे. दोन्ही ‘पुनर्निर्मिती’च. त्यांना एकच नाव देऊन मोकळे होणे आम्हांला जमत नाही.

ज्यांना हिमेदांचा एकच चित्रपट पाहावयाचा आहे त्यांनी ‘ओकुआइझुचे किजिशी’ पाहावा, आणि शाकारणीच्या वेळी उठू नये. ‘ओकुमिओमोते’चे दोन्ही भाग लागोपाठ मिळाले तर उत्तम, एकच मिळत असेल तर दुसऱ्याची वाट पाहावी.